कॅमेऱ्यासाठी काढलेला शर्ट

सांगलीत दादासोंच्या हळदीच्या कारखान्यात बायका साडीवर नवऱ्याचा जुना शर्ट घालतात. पदर आत राहतो, धूळ अंगावर बसत नाही. सुलाबाईही घालायची. हळकुंडांना पॉलिश करणाऱ्या फिरत्या ढोलाजवळ तिचं काम होतं.

एकदा दादासोंचे व्याही कारखाना बघायला आले. पाहुण्यांपुढं असल्या अवतारात काय उभं राहायचं, म्हणून तिने शर्ट काढून खुंटीला अडकवला. ढोलाच्या पट्ट्याने पदर ओढला. पदर सोडवायला गेलेला उजवा हात कोपरापर्यंत गेला.

आता ती दाराशी बसून डाव्या हाताने हळकुंडं निवडते.

साताऱ्याची अंकिता कारखान्यांतल्या अपघातांवर माहितीपट करते. ती आली तेव्हा सुलाबाईने एवढंच विचारलं, "ह्यानं काय हुईल?"

"बाकीच्या बायका बघतील, मावशी. पुन्हा कुणाचं असं होऊ नये."

"मग घे."

अंकिताने तिला खुर्चीत बसवलं, पदराला छोटा माईक लावला. मागे काम चालू दिसावं म्हणून ढोल सुरू करायला सांगितला. दादासो केस विंचरून हळूच कॅमेऱ्याच्या चौकटीत सरकले.

"दादासो, तुम्ही मध्ये येताय."

"मालक नको व्हय दिसायला?"

सुलाबाई बुजू नये म्हणून अंकिताने कॅमेऱ्याचा छोटा पडदा तिच्याकडे वळवला होता. "हं मावशी, त्या दिवशी काय झालं?"

सुलाबाईची नजर पडद्यावर होती. त्यात तिच्या पाठीमागे, ढोलावर आता काम करणारी रंगुबाई शर्टाची बटणं काढत होती.

सुलाबाई उठलीच. "मालक, बंद करा त्ये." दादासोंनी खटका खाली केला. "रंगे, घाल त्यो शर्ट."

"आवं मावशी, शूटिंग हाय. ह्या मळक्या शर्टात कशी दिसू?"

"दोन हातांची दिसशील. घाल."

रंगुबाई हलेना, तेव्हा सुलाबाई एका हाताने तिची बटणं लावू लागली. पहिलंच बटण लागेना. शेवटी रंगुबाईने खालमानेने स्वतःच सगळी लावली.

अंकिताने पुन्हा प्रश्न विचारला. "सांगितलं की आत्ता," सुलाबाई म्हणाली आणि निवडायला बसली.

कॅमेरा आणि माईक चालूच होते. अंकिताने माहितीपटात तेवढंच ठेवलं. दादासोंनी पट्ट्यावर जाळी बसवल्यावर माहितीपट कारखान्याच्या आवारात दाखवला.

"मी कुठं हाय ह्यात?" सुलाबाई म्हणाली. "रिकामी खुर्ची न् माझी पाठच दावलीया."

बायका हसल्या. नंतर अंकिताने सगळ्यांचा ढोलापाशी एक फोटो काढला. दादासो मधोमध उभे राहिले. शर्ट कुणीच काढला नाही.