भाजायची राहिलेली बिस्किटं

माझी आई माझ्या घरी आठ दिवसांहून जास्त कधी राहिली नव्हती. लेकीच्या घरी मुक्काम ठोकायचा नसतो, असं ती मानते. वडील गेले, मला भाऊ नाही. गेल्या दिवाळीनंतर आई देगलूरकडच्या आमच्या गावी अंगणात पाय घसरून पडली आणि दोन तास कुणाला कळलं नाही. मी जाऊन तिला हैदराबादला, तारनाक्याच्या आमच्या घरी घेऊन आले. डॉक्टर म्हणाले, हाड शाबूत आहे, पण यांना आता एकटं ठेवू नका. आईनं त्यातलं हाडापुरतं ऐकलं.

सहाव्या दिवशी तिनं माझ्या नवऱ्याला सांगितलं, "जावईबापू, मंगळवारच्या बसचं तिकीट काढा."

"कायकू आई? ऱ्हावा की थोडे दिवस. तिथं जाऊन फुकट परेशान होताल."

"लेकीच्या दारात बसून किती दिवस खायचं माणसानं?"

माझ्या सासरची माणसं चार पिढ्या हैदराबादेत सरकारी नोकरी करतात. सांगितलेलं काम करायची त्यांना सवय आहे. नवऱ्यानं तिकीट काढलं.

रिकाम्या हातानं निघणं आईला जमत नाही, म्हणून जाण्याआधी माझ्यासाठी बिस्किटं करून ठेवायची असं तिनं ठरवलं. आमच्याकडे बिस्किटं घरी भाजत नसत. उन्हाळ्यात बायका मैदा, साखर आणि डालडा घेऊन तालुक्याच्या भट्टीवर जायच्या, नंबर लावायच्या, तिथंच पीठ मळून द्यायच्या आणि संध्याकाळी पत्र्याचा डबा भरून आणायच्या. मी आमच्या घरातली पहिली पदवीधर. त्याचं श्रेय मी माझ्या शिक्षकांना देते आणि त्या डब्याला देते. वसतिगृहात सकाळचं खाणं मिळत नसे. तीन वर्षं मी चहात बिस्किटं बुडवून खाल्ली आणि पहिल्या तासाला वेळेवर जाऊन बसले.

शनिवारी नवऱ्यानं अफझलगंजहून सामान आणलं. रविवारी सकाळी मी अंघोळ करून आले, तोवर आईनं परातीत तूप पांढरं होईस्तोवर फेसलं होतं आणि तीन किलो मैदा त्यात घातला होता.

"आई, तीन किलो?"

"मग? तीन किलोच्या खाली भट्टीवाला हात लावत नव्हता."

तिला दुसरं माप ठाऊकच नव्हतं. मी तिला आमची विजेवरची भट्टी दाखवली. तिच्यात एका वेळी बारा बिस्किटं बसतात. आईनं दार उघडून आत पाहिलं, मग मागं काही आहे का तेही पाहिलं.

"हे तर बाहुलीचं आहे ग," ती म्हणाली.

पहिली बारा भाजायला पाऊण तास गेला, कारण काही करपली आणि काही कच्ची राहिली. हिशेब माझ्या लक्षात आला. या वेगानं मंगळवारपर्यंत काही हे संपणार नव्हतं, आणि मळलेलं पीठ टाकून माझी आई कुठंही जाणार नव्हती. मी अतिशय सावकाश काम करू लागले. नवरा म्हणाला, सुलतान बाजारात एक बेकरी आहे, तिथं सगळं एकदम भाजून देतील. मी त्यांच्याकडे पाहिलं. ते गप्प बसले.

पण फार वेळ नाही. अर्ध्या तासानं ते मोबाइल घेऊन आनंदानं स्वयंपाकघरात आले. "आई, टेन्शनच नाही. कच्चे गोळे फ्रीजरमध्ये ठेवता येतात. दोन-तीन महिने काही होत नाही. लागतील तसे काढायचे न् भाजायचे."

"मळलेलं पीठ शिळं ठेवायचं?"

"शिळं नाही होत. बर्फच होतं त्याचं."

आईनं थोडा विचार केला. "मग बरंय की. तुझी तू भाजून घे ग. मी मोकळी झाले."

नवरा माझ्याकडे बघून हसला. शाबासकीची वाट पाहत असावा.

दुपारभर आम्ही गोळे वळले. बर्फाचे ट्रे आणि मटार बाहेर काढून फ्रीजर रिकामा केला. ताटात सुटे सुटे मांडून गोळे कडक होऊ द्यायचे आणि मग डब्यात भरायचे. आई प्रत्येक गोळ्यावर अंगठा दाबत होती. मळलेल्या पिठाचा गोळा तसाच ठेवू नये, पिंडासारखा दिसतो, म्हणून आमच्याकडे कणकेवरही बोटं उमटवतात. अडीचशेच्या आसपास गोळे होते. तिनं एकही सोडला नाही. संध्याकाळी त्यातले बारा थेट फ्रीजरमधून काढून भाजले. अंगठ्यानं मध्ये पातळ झाल्यामुळे ते आतपर्यंत नीट भाजले गेले. नवरा म्हणाला, यात सायन्स आहे. आई म्हणाली, यात पिंड आहे.

वास जिन्यात गेला होता. खालच्या मजल्यावरच्या तेलुगू बाई वर आल्या. निवृत्त शिक्षिका, सत्तरीच्या. दारातच त्यांनी एक बिस्कीट खाल्लं, मग दुसरं मागून घेतलं.

"अम्मा, मेरे नवासे आ रहे अमेरिका से. मेरे वास्ते भी बनाव ना. मैदा, घी सब मैं लाती."

आईनं तरुणपणी भट्टीवर उचललेली दखनी बोली लगेच बाहेर काढली. "कित्ता मंगता?"

"दो किलो?"

"तीन लाव. घी ताजा होना. शुक्कर को आव, सुबू. कल नक्को, कल मेरेकू फुरसत नै."

नातवांची सोय झाली म्हणून बाई खूश होऊन खाली गेल्या. मी ओट्यावरचं पीठ पुसत राहिले. शुक्रवार मंगळवारनंतर येतो, हे मी बोलून दाखवलं नाही. नवऱ्यानं तोंड उघडलं. मी त्यांच्या हातात परात दिली.

"आता शब्द दिलाय माणसाला," आई आपणच म्हणाली. "तुझ्या घरी राहूलाले असं समजू नकोस. कामाला थांबलेय."

"नाही समजत," मी म्हणाले.

तिकीट मी रद्द केलं. तिला सांगितलं नाही. मंगळवारी सकाळी ती बस सुटायच्या वेळी गॅलरीत बसून वेलदोडे सोलत होती. मी ऑफिसला निघाले तेव्हा मान वर न करता म्हणाली, "येताना अजून एक परात आण. मोठी बघ."