पाठमोरी बायको

माझ्या थोरल्या बहिणीचा नवरा, म्हणजे आमचे दाजी, ओळखपत्रांचे फोटो काढतात. घराचीच पुढची खोली म्हणजे दुकान. भिंतीला पांढरा पडदा, त्याच्यासमोर पाठ नसलेलं स्टूल, दोन बाजूंना दिवे आणि मधे दाजी. "हनुवटी वर. दोन्ही कान दिसू द्या. हसू नका." गिऱ्हाईक म्हातारं असो की आईच्या मांडीवरचं तान्हं, मंत्र तोच. चेहरा म्हणजे काय हे आपल्याइतकं कुणालाच कळत नाही, अशी त्यांची ठाम समजूत. दुसरं कुणी थोपटत नाही म्हटल्यावर ते स्वतःची पाठ स्वतःच थोपटून घेतात.

ताई मागच्या खोलीत. फोटो कापायचे, पाकिटात भरायचे, चहा करायचा आणि दारावरच्या पडद्याच्या फटीतून कप पुढे करायचा. दाजी कप घ्यायचे, वळून बघायचे नाहीत. ताई वारल्यावर दुकान पुन्हा उघडलं त्या पहिल्याच दिवशी त्यांनी चहाच्या वेळी फटीकडे हात केला आणि तसाच धरून बसले, असं शेजारची शिंपीण डोळे पुसत सांगते. तिला त्यात प्रेम दिसलं. मला सवय दिसली.

आता पाहुण्यांचं सांगायला हवं. परग्रहावरून ते आले तेव्हा सगळ्यांची पाचावर धारण बसली होती. आता त्यांच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही. त्यांना स्वतःचं अंग नसतं. कवडशात धूळ दिसते, तेवढेच दिसतात. जिवंत माणसाच्या आठवणींतून त्यांचा देह घडतो. फोटो, पत्रं त्यांच्या उपयोगाची नाहीत. समोर बसून आठवायचं, की ते ती आठवण उचलतात आणि तेवढे उभे राहतात. उचललेली आठवण आपल्या डोक्यात मात्र उरत नाही. आणि पुरेसं मिळालं नाही, तर थोड्या दिवसांत विरून जातात.

दाजींनीही एक घरी आणला. "उद्या बघ, तुझी ताई परत येते," मला म्हणाले, जणू इस्त्रीला दिलेले कपडे आणायचे होते. संध्याकाळभर त्याच्यासमोर बसून आठवत राहिले. उभं काय राहिलं? एक पाठ आणि तिच्यावर वेणी. कप धरलेला एक हात, तो मात्र अगदी रेखीव. आणि आवाज, एकाच शब्दापुरता: "हो." समोरून बघायला गेलं तरी पाठच दिसायची. एवढ्या वर्षांच्या संसारातून या माणसाने एवढंच बघितलं होतं.

दुसरा कुणी लाजून गप्प बसला असता. दाजींनी अक्कल पाजळली. ताईच्या ओळखपत्राचा फोटो शोधून काढला, आपणच टिपलेला, आणि शाळेतल्या पोराने कविता घोकावी तसा तो चेहरा घोकला. मग पुन्हा पाहुणीसमोर बसले. आला, चेहरा आला! हनुवटी वर, दोन्ही कान बाहेर, पापणी लवत नाही. बाजूने पाहिलं तर कागद. तो चेहरा घेऊन ती घरभर कप नाचवायची आणि "हो" म्हणायची. गिऱ्हाइकं दारातूनच परत फिरायला लागली.

मग स्वारी माझ्या दारात.

"धाकटे, तुझ्याकडे तर तिच्या लहानपणापासूनच्या आठवणी आहेत. दे की थोड्या."

"वाटीभर साखर मागताय का, दाजी?"

"अगं, कडेकडेने विरतेय ती. हात थरथरतो, चहा सांडतो. आठवडाभर टिकेल फार तर."

"म्हणजे चहा सांडतो म्हणून आलात."

त्यांनी मान खाली घातली. "मला तिचा चेहरा आठवत नाही गं," म्हणाले. मला दया आली. ते जिना उतरेपर्यंत टिकली.

पण माझाही पाय अडकला होता. सगळी ताई देऊन टाकली, तर ती हुबेहूब उभी राहणार, माझ्याजवळ काही उरणार नाही, आणि ती पुन्हा त्याच फटीतून त्याच माणसाला कप देणार. न द्यावी, तर त्या सपाट चेहऱ्यानेच ती विरणार. दोन्ही मला सोसेनात. शेवटी ठरवलं, एकच गोष्ट द्यायची: ताईचं हसू. ऐकू दे या माणसाला एकदा. देण्याआधी ते सगळं माझ्या लेकीला सांगून ठेवलं, निदान कुणाच्या तरी तोंडून ऐकायला मिळावं म्हणून.

दाजींना वाटलं, मी पाघळले. त्यांनी खुर्ची पुसून दिली. मी पाहुणीसमोर बसले, डोळे मिटले. उघडले तेव्हा काय द्यायला आले होते ते माहीत होतं, पण ते कसं होतं, ते गेलं होतं.

पाहुणीने कप स्टुलावर ठेवला. तिची हनुवटी खाली आली, डोळे मिचमिचले. तिने कॅमेऱ्यावरचं काळं फडकं डोक्यावर घेतलं, कमरेवर हात ठेवले आणि थेट दाजींच्या आवाजात म्हणाली, "हनुवटी वर. कान दिसू द्या. हसू नका. चहा कुठाय?" आणि हसायला लागली. पोट धरून हसत हसत खाली फरशीवरच बसली.

दाजी पडद्याला टेकले. "ही कोण?"

"तुमची बायको."

"ती अशी नव्हती. ती हसायची नाही."

"तुमच्यादेखत नसेल हसत."

"घेऊन जा हिला," ते म्हणाले. "मला आधीचीच बरी होती."

जन्मभर लोकांचे चेहरे टिपले, आणि खरा समोर आला तेव्हा याला पाठ हवी होती! मी त्यांच्याशी आणखी एक शब्द बोलले नाही. पाहुणीचा हात धरला आणि निघाले.

लेक सांगते, ताई आमच्याकडे आली की स्वयंपाकघरात दाजींची अशीच नक्कल करायची आणि आम्ही दोघी बहिणी फरशीवर लोळायचो. असेल. मी ऐकते आणि मान हलवते. त्या दिवशी रस्ताभर ती माझ्या शेजारी हसत चालली होती. हसू फार छान होतं. मी ते पहिल्यांदाच ऐकत होते.