सभाबंदीच्या हुकुमाचं अपील

मी रत्नागिरीत नवा वकील होतो, तेव्हा आमचे जिल्हा न्यायाधीश जुन्या वळणाचे होते. माझी खादी त्यांना खपत नसे. बंदी असताना सभेत बोलल्याबद्दल राजापूरच्या एका शिक्षकाला शिक्षा झाली. त्याचा वकील मीच होतो. अपील त्यांच्यापुढे आलं, तेव्हा मी आशाच सोडली होती. पण त्यांनी सभाबंदीचा हुकूम दोनदा वाचला आणि सरकारी वकिलांना विचारलं, "यात बंदीचं कारण कुठे आहे?"

ते लिहिलेलंच नव्हतं. शिक्षक सुटला.

मी आभार मानू लागलो, तर म्हणाले, "तुमची चळवळ मला मुळीच पसंत नाही. पण कायदा सरकारनंही पाळायचा असतो."

हायकोर्टानंही तो निकाल कायम ठेवला. पुढे आम्हा वकिलांना तो कितीदा तरी उपयोगी पडला. दर वेळी मला थोडी लाज वाटे, कारण सुनावणीआधीच मी त्यांना मनातून दोषी ठरवलं होतं.