निर्मात्याची खुर्ची

शेजारच्या घरासमोर आज एक घडीची खुर्ची ठेवलेली दिसली. लंडनमध्ये नको झालेल्या वस्तू अशाच दाराबाहेर ठेवतात. ज्याला हवी तो घेऊन जातो. खुर्ची शेजारच्या म्हाताऱ्याची. तो गेल्या महिन्यात गेला.

पाठीच्या कापडावर त्याचं नाव आहे आणि खाली लिहिलंय, निर्माता. जन्मभर त्यानं सिनेमे काढले. त्यातला एकही मी पाहिलेला नाही, आणि पाहिला असता तरी त्याचं नाव पडद्यावर येईपर्यंत कशाला थांबलो असतो?

लेकीकडे आलो की आमच्या कुंपणाशी गप्पा व्हायच्या. ही खुर्ची बागेत मांडलेली असायची आणि तो तिच्या शेजारी उभा. एकदा मी म्हणालो, "अहो, बसा की!"

तो हसला. "शूटिंगला रोज मांडायचे माझी खुर्ची. पण मी बसलो की सगळ्यांना वाटायचं, आज काही काम पुढे सरकत नाही. म्हणून उभाच राहायचो. आता बसवत नाही."

आमच्या हिनं पाहुण्यांसाठी राखलेल्या कोऱ्या चादरी अजून कपाटात तशाच आहेत. ती स्वतः मात्र आता नाही.

खुर्चीचं कापड हात लावून पाहिलं. जराही झोळ नव्हता.

दुपारी एक बाई रस्त्यानं आली, खुर्चीत बसून तिनं बुटाची लेस बांधली आणि उठून चालू लागली. पाठीवरचं नाव तिनं पाहिलंही नाही.

त्या खुर्चीत कुणी बसलेलं मी आज पहिल्यांदा पाहिलं.