आमच्या पाहुणीचा लहान मेंदू

माणसाच्या चालण्याकडे आमच्या पाहुणीइतकं निरखून बघणारं माणूस महाड आणि पोलादपूर या दोन तालुक्यांत आजवर झालेलं नाही आणि पुढे होईल असं मला वाटत नाही. पाहुणी म्हणायचं ते एवढ्यासाठी, की कशेडी घाटाच्या वरच्या अंगाला असलेल्या एका वाडीवरून ती 'फक्त दिवाळीपर्यंत' म्हणून आमच्या महाडच्या घरी शाळेसाठी आली आणि बारावी होईपर्यंत राहिली. तिचे आबा बाजाराला येताना आमच्याकडे म्हशीचं तूप घेऊन येत, एवढीच काय ती ओळख. आज ती बंगळुरूच्या एका संस्थेत मेंदूच्या आजारांवर संशोधन करते. ही गोष्ट मी ओळखीच्या माणसाला सांगतोच, अनोळखी भेटला तर जरा आधीच सांगतो.

तिची पहिली खोड म्हणजे समोरच्याला चालायला लावणं. फरशांमधली सरळ रेघ दाखवायची आणि म्हणायचं, "एका पावलाच्या बोटांना दुसऱ्याची टाच टेकवत या बघू." आमचा दूधवाला, माझे साडू, शिवथरच्या आत्याबाई, सगळे आमच्या ओटीवर सर्कशीतल्या तारेवर चालल्यासारखे चालून गेलेत. एकदा तिला बघायला दासगावहून एक इंजिनियर मुलगा आला. हातात पोह्यांची बशी देण्याआधीच हिने त्याला रेघेवर उभं केलं. बिचारा असा काही भेलकांडला, की त्याची आई ताडकन उठली आणि म्हणाली, "आम्ही मुलगी बघायला आलोय, मुलगा तपासून घ्यायला नाही!" मंडळी निघून गेल्यावर त्याच बशीतले पोहे खात ही माझ्या बायकोला म्हणाली, "काळजीचं काही नाही वहिनी, तो नुसता घाबरला होता. लहान मेंदू उत्तम आहे त्याचा." स्थळ गेल्याचं तिला काहीच वाटलं नव्हतं. आपलं निदान बरोबर आलं याचा मात्र आनंद झाला होता.

लहान मेंदू हा तिचा जीव की प्राण. डोक्याच्या मागच्या बाजूला असतो तो, आपला तोल सांभाळणारा. हे मला माहीत आहे, कारण आमच्या पंगतीत मटणाच्या रश्शात भेजा आला की ती तो अलगद ताटात काढून घेते, बोटाने वेगळा करते आणि शेजारच्याला समजावून सांगते. "हा पुढचा मोठा. आणि हा बघा काका, मागचा, पानांच्या गड्डीसारखा दिसतो ना, तो लहान." एवढं झाल्यावर भाकरीच्या घासाबरोबर दोन्ही खाऊन टाकते. आमचे एक काका त्या दिवसापासून माळकरी झाले. ती येणार असली की बायको आता सरळ वालाच्या बिरड्याचा बेत करते.

या सगळ्या वेडाच्या मुळाशी होते तिचे आबा. चाळिशी गाठता गाठता त्यांची पावलं वेडीवाकडी पडायला लागली, जीभ जड झाली, तुपाचा डबा हातात डचमळायला लागला. वाडीने आपला निकाल देऊन टाकला, की हा पितो. त्यांचा बापही असाच 'पिऊन पिऊन' गेला होता म्हणे. आबांनी उभ्या आयुष्यात दारूला स्पर्श केला नव्हता, पण भेलकांडणाऱ्या माणसाचं कोण ऐकतो? शिमग्यात देवीची पालखी वाडीत घरोघर नाचत जाते. तिला पहिला खांदा द्यायचा मान आबांच्या घराण्याचा. दारुड्याने पालखीला शिवायचं नाही, असं म्हणून तो मान काढून घेतला. त्या शिमग्याहून पाहुणी महाडला परत आली ती जेवेचना. शेवटी मला म्हणाली, "दादा, न पिता माणूस झिंगतो का रे?" मला काय ठाऊक! मी आपलं म्हटलं, "शोधून काढ." ही खरंच काढील असं तेव्हा कुणाला वाटलं होतं?

पुढे ती रीतसर परवानग्या काढून, बरोबर एक डॉक्टर घेऊन वाडीत रक्ताचे नमुने घ्यायला गेली. मीही हौसेने गेलो होतो. तिला हवं होतं फक्त आपल्या भावकीचं रक्त. पण त्या वाडीत नारळ असो की प्रसाद, सगळं मानाच्या क्रमाने चालतं. गावचे मानकरी बाही वर करून पुढे आले. "पयली सुई आमच्या घरात. मान मोडायचा नाय." झालं! रक्त द्यायला मानाप्रमाणे रांग लागली. मला हसू आवरेना. ही मात्र खुशीत होती, कारण निरोगी माणसांचं रक्तही तुलनेला लागतंच आणि ते असं मानपान करून आयतं मिळत होतं.

मग अंगणात चुन्याची रेघ मारून एकेकाला चालायला लावलं. मानकरी छाती काढून रेघेवरून गेले. आबांची पाळी आली तेव्हा सकाळची न्याहारीही झाली नव्हती. दोन पावलांत त्यांचा तोल गेला आणि त्यांनी मानकऱ्यांचाच खांदा धरला. मानकऱ्यांनी नाक पुढे केलं. आबा म्हणाले, "हुंग रे, नीट हुंग. गुळाचा चहा हाय, दुसरं काय नाय." मानकऱ्यांनी खरोखरच हुंगलं आणि ते खाली बसले.

नमुने थर्माकोलच्या खोक्यात बर्फ घालून आम्ही एसटीने निघालो. कंडक्टरने विचारलं, "ताई, म्हावरं हाय काय?" ही म्हणाली, "नाय, रक्त हाय." पोलादपूर येईपर्यंत आमच्या शेजारची सगळी बाकं रिकामी होती.

आबांच्या रक्तातल्या पेशींना तिच्या बंगळुरूच्या संस्थेतल्या लोकांनी काय करतात ते करून पुन्हा बाळपणात नेलं आणि त्यांच्यापासून काचेच्या बशीत मेंदूच्या पेशी वाढवल्या. औषधं आधी त्यांच्यावर करून बघायची. त्या पेशींना वेळच्या वेळी खाऊ बदलून द्यावा लागतो, म्हणून ही गणपतीलाही येईना. तिची आई आधी रुसली, पण कारण कळल्यावर फोनवर म्हणाली, "नको गो येऊ. सणासुदीला बापाला उपाशी ठेवतेस काय?"

यथावकाश निदान आलं. जनुकातला एक बारीकसा तुकडा नको तितक्या वेळा उतरला गेलाय, त्याने लहान मेंदूच्या पेशी हळूहळू थकून जातात, आणि हे बापाकडून मुलामुलींत येऊ शकतं. त्या वर्षीच्या शिमग्याला आबांना विचारून ती पालखीसमोर उभी राहिली. "आबांनी कधी थेंब घेतला नाय. हा आजार हाय, त्याला नाव हाय. तुमच्या सगळ्यांच्या रक्तामुळं ते गावलं." मानकऱ्यांनी घसा खाकरला. "मग पयला खांदा त्याचा. उठवा त्याला."

दोघांनी दोन्ही बाजूंनी आबांना धरलं आणि पालखीचा दांडा त्यांच्या खांद्यावर ठेवला. पालखी नाचवायचीच असते. आबांचा झोक जाईल तिकडे पालखी झुलायची आणि ढोलवालाही त्याच झोकावर ढोल वाजवायचा. त्या दिवशी आबांचा तोल गेलेला वाडीत कुणालाच दिसला नाही. माझे डोळे भरून आले आणि मी ते पुसलेही नाहीत. खाली बसवल्यावर आबांनी लेकीला विचारलं, "औषध?" ती म्हणाली, "अजून वेळ हाय, आबा." आबा हसले. "असू दे गो. माझ्या नावावरचा डाग तर पुसलास."

पुढच्या शिमग्याला आबा नव्हते. तिकडे बशीतल्या त्यांच्या पेशी मात्र अजून जगताहेत. रविवारी फोन केला तर ही मध्येच म्हणते, "थांब दादा, आबांचं जेवण राहिलंय."

स्वतःची तपासणी तिने अजून केलेली नाही. मी एकदा विषय काढला, तर "आधी औषध, मग मी," म्हणाली. परवा ती महाडला आली होती. सकाळी ओटीवर आलो तर ही एकटीच फरशीच्या रेघेवरून टाचेला बोटं लावत चालली होती. मी चहाचे कप हातात धरून दारातच थांबलो आणि रेघ संपेपर्यंत तिच्या पावलांवरची नजर हलवली नाही. पावलं सरळ पडत होती.

वळताना तिने मला पाहिलं. "काय बघतोस, दादा?"

"काही नाही," मी म्हटलं, "चहा निवतोय."