माझ्या आधी प्रयागला पोचलेली पुरचुंडी

राजघाटाजवळचं काशी स्टेशन लहान, पण मला ते फार आवडे. पुलावरून गाडी येताना आधी गंगा धडधडायची, मग फलाट. आमच्या दूधविनायक मोहल्ल्यात कुठलंही काम 'होईल हो' म्हणून पडून राही. इथे घंटा झाली की लाटसाहेबासाठीसुद्धा गाडी थांबत नसे. इंग्रजाची बाकी किती का निंदा करा, रेलगाडी मी मानली.

आमच्या घराण्यात सगळे याज्ञिक. पहिला बी.ए. मी, आणि हे सांगायला मला संकोच वाटत नाही. परीक्षा अलाहाबादला, म्हणजे आमच्या प्रयागला होती. पेपर सोमवारपासून. धर्मशाळेत जागा रविवार रात्रीपासूनच मिळालेली, म्हणून रविवारी निघणं भाग. आणि रविवारी पश्चिमेला दिशाशूळ, म्हणजे तिकडे निघणं अशुभ.

"गाडी आधी पूल ओलांडून पूर्वेलाच जाते," मी आईला म्हणालो. "मोगलसराईला बदलून मग पश्चिमेला."

"शेवटी जायचंय कुठे?" आई म्हणाली. "मला भूगोल शिकवू नकोस."

यावर आमच्यात उपाय आहे, प्रस्थान ठेवण्याचा. आदल्या दिवशी चांगल्या मुहूर्तावर जानवं, सुपारी, हळकुंड नि अक्षता फडक्यात बांधून वाटेवरच्या कुणाच्या घरी ठेवायच्या. प्रवास तेव्हाच सुरू झाला असं धरतात. दुसऱ्या दिवशी पुरचुंडी उचलायची नि पुढे जायचं. शेजाऱ्यांकडे ठेवण्यापेक्षा स्टेशनात ठेवावं, असं अण्णांच्या, म्हणजे वडिलांच्या, मनात आलं. पार्सलबाबू त्यांचा यजमान होता, त्याच्या घरची पूजा अण्णाच सांगत. शनिवारी सकाळी अण्णा त्याच्या हाती पुरचुंडी देऊन आले.

रविवारी इक्क्यातून आम्ही तिघं स्टेशनवर गेलो. अण्णांनी पुरचुंडी मागितली.

"वह तो कल ही प्रयाग पहुँच गई, पंडितजी," बाबू म्हणाला. "आपने कहा लड़के की है, प्रयाग जाएगी. हमने गार्ड साहब के हाथ भेज दी. लड़का वहाँ पार्सल दफ़्तर से ले लेगा."

आईने माझी वळकटी धरली. "प्रस्थान उचलल्याशिवाय पाऊल टाकायचं नाही. पुढच्या वर्षी बस परीक्षेला."

"माताजी, रेल में सामान बैठा थोड़े ही रहता है," बाबू म्हणाला. बिचाऱ्याने चांगलंच केलं होतं.

गाडीची घंटा झाली. मी अण्णांकडे पाहत राहिलो. मुहूर्ताच्या बाबतीत घरात शेवटचा शब्द त्यांचा, आणि वर्ष वाया जाणार होतं माझं.

"जानवं कुणाचं होतं?" त्यांनी आईला विचारलं.

"याचंच."

"कुठल्या मुहूर्तावर घराबाहेर पडलं?"

"तुम्हीच काढलेल्या."

"मग हा कालच गेलाय. शेजाऱ्याकडे अडकून पडला असता, तो थेट प्रयागला पोचला. मागे राहिलेलं अंग तेवढं आज पाठवायचं. त्याला कसला दिशाशूळ?"

आईने वळकटी सोडली. "अंगाबरोबर दशम्या पण द्या," म्हणाली.

मोगलसराईला गाडी बदलताना चांगली शहाणी माणसं हरवतात. पण ती मूठभर पुरचुंडी प्रयागच्या पार्सल दफ़्तरात माझी वाट पाहत होती. गाठ आईनेच मारलेली, तशीच. ती खिशात घालून मी पेपर लिहिले नि पास झालो.

नंतर अण्णांनी शेजाऱ्यांकडे प्रस्थान कधी ठेवलं नाही. गल्लीतलं कुणी प्रवासाला निघालं की म्हणत, "घरात कशाला ठेवता? स्टेशनावर द्या. निदान पोचेल तरी."