अडखळणारं चित्र

हे सांगायचं मी बरीच वर्षं टाळलं. आईने खेळणं का सोडलं, असं मुलाने विचारलं की मी चहा करायला उठायचो.

आम्ही साउथहॅम्प्टनला होतो. मी हॉस्पिटलमधून निवृत्त झालो आणि त्याच वर्षी हिला पक्षाघाताचा झटका आला. हात सावरला, पण स्वतःच्या डोक्यावरचा भरवसा गेला. एखादा शब्द आठवला नाही की घाबरून माझ्याकडे बघायची. मुलगा केंब्रिजला नोकरीला होता. त्याने पीसीवर एम्युलेटर बसवून दिला, म्हणजे जुन्या गेम कन्सोलची नक्कल करणारा प्रोग्रॅम. त्यात होड्यांची शर्यत होती. बोटांना व्यायाम म्हणून ती खेळायला लागली.

चित्र सारखं अडखळायचं. मुलाने समजावलं, "पाणी, धूर, ऊन कसं रंगवायचं ते सांगणारे छोटे प्रोग्रॅम असतात, शेडर. आपल्या ग्राफिक्स कार्डसाठी ते नव्याने बनवायला लागतात. तेवढा वेळ गेम थांबतो. एकदा बनले की डिस्कवर सेव्ह. त्याला शेडर कॅश म्हणतात. नेक्स्ट टाइम रेडी."

"म्हणजे तेल तापल्यावर वाटण वाटायला बसायचं नाही," ही म्हणाली. "आधीच करून फ्रिजमध्ये ठेवायचं."

"एक्झॅक्टली, आई."

त्या वीकएंडला सगळ्या शर्यती त्याने स्वतः खेळून काढल्या, तिच्यासाठी तो साठा भरावा म्हणून. मग तिची होडी सुळसुळ जायला लागली. मला हरवून म्हणायची, "डॉक्टर, रिफ्लेक्स तपासून घ्या."

दिवाळीआधीची साफसफाई त्या वर्षी माझ्याकडे आली. कपाटं पुसली, लॉफ्ट आवरला, आणि त्याच झपाट्यात पीसीही. विचित्र नावांच्या फायलींनी भरलेलं एक फोल्डर दिसलं. कचरा समजून डिलीट केलं.

पाडव्याला ती खेळायला बसली. "अहो, चित्र थांबतंय की माझं डोकं?"

मी पेपरमधून मान वर केली नाही. "चित्राला काय होतंय? दमली असशील."

डॉक्टरचा शब्द. तिने कंट्रोलर खाली ठेवला. त्याच शर्यती पुन्हा खेळली असती तर साठा आपोआप भरला असता. ती बसलीच नाही. पुढे एकटीने बसने जाणं सोडलं, मग गॅस पेटवणं.

ख्रिसमसला मुलाने पीसी उघडला. "बाबा, कॅशचं फोल्डर कुठे गेलं?"

"मला काय माहीत?"

त्याने सगळं पुन्हा भरून दिलं. ती म्हणाली, "नको रे, मला झेपत नाही आता." तिने मला काय विचारलं होतं ते त्याला माहीत नव्हतं. फोल्डर गेल्याचं तिला माहीत नव्हतं. दोन्ही माहीत असणारा मी एकटाच.

दुसऱ्या झटक्यानंतर वॉर्डात तिच्या उशाशी बसलो होतो. वाक्य तयार होतं. "अगं," मी म्हणालो. तिने डोळे माझ्याकडे वळवले.

"पाणी हवंय का?"

म्हणायचं होतं ते एवढंच. अगं, चित्रच थांबत होतं. तुझं डोकं शाबूत होतं. चुकलं माझं.